रसमड्याची घंटी

सांगून ठेवते, घंटी खराब नसते. माया टेबलावर जितके लोक तक्रार घेऊन येतात, त्यातल्या बहुतेकांची घंटी ठणठणीत असते. खराब दुसरंच काहीतरी असते, अन् ते त्यांच्या तोंडावर सांगाले कंपनीनं मले मनाई करून ठेवली आहे. म्हणून मी घंटी हातात घेते, उलटीपालटी करते, फडक्यानं पुसते अन् म्हणते, ठेवून जा, पाहतो आमी.

मी जया. भिलाईजवळ, रसमड्याच्या इंडस्ट्रियल एरियात, दोन मोठ्या कारखान्यांच्या मधात, कमलिनी यंत्रशाळा नावाची आमची कंपनी आहे. बाहेरून पाहाल तर वेल्डिंगचं दुकान वाटते. टिनाचं शेड, अंगणात काळी धूळ, फाटकावर एक आळशी कुत्रं. आत मात्र जादूच्या वस्तू बनतात, अन् पक्क्या बिलावर विकल्या जातात. आमचा एक माठ आहे. त्यात पहिल्यांदा ज्या विहिरीचं पाणी भराल, त्या विहिरीची चव तो जन्मभर देते, मग वरून नळाचं टाका का टँकरचं. भूक लागलेल्या माणसालेच उघडणारं एक कपाट होतं, ते बंद करा लागलं. घरात पोट्टे असले की ते दिवसभर उघडंच राहाले लागलं.

पण कंपनी चालते ती चाहूल घंटीवर. पितळेची, मुठीएवढी. ओतताना तुमच्या उंबरठ्याचा थोडासा कीस साच्यात टाकतात. मग घरचं माणूस कुठूनही घरी याले निघालं की दारावरची घंटी एकदा वाजते. पोचल्यावर नाही, निघाल्यावर. प्रत्येकाचं वाजणं वेगळं, अन् घरच्या लोकाले थोड्याच दिवसांत कानानं समजाले लागते की आता कोण निघालं. हे कसं होते ते मले विचारू नका. मालकीणबाई कमलिनी साच्यावर हात ठेवून उभ्या राहतात, केवलराम भट्टी सांभाळते, अन् संध्याकाळी घंटी थंडी झालेली असते. मले फक्त वाजत नाही तेव्हाचं माहीत आहे.

दुर्गचे एक रिटायर्ड मास्तर आले होते. म्हणे, दर शुक्रवारी संध्याकाळी वाजते अन् येत कोणीच नाही. पोरगा हैदराबादले. मले लगेच समजलं. पोरगा निघत असन, स्टेशनपर्यंत येत असन अन् माघारी फिरत असन. मी म्हटलं, मास्तर, वाजते ना, मग वाजू द्या ना जी. त्यांनी घंटी काखेत धरली अन् तक्रार न लिहिताच गेले.

सगळ्यात वाईट तक्रार सुनांची. सगळ्यांची वाजते, माईच वाजत नाही. सासू सांगते, नवरा सांगते, अन् ती बिचारी घंटी घेऊन माया टेबलासमोर उभी. अशा वेळी माया डोक्यात तिडीक जाते. अरे, तुमाले सांगाले कोणं सांगितलं होतं? आपली घंटी आपल्याले कधीच ऐकू येत नाही, कारण आपण तेव्हा बाहेर असतो. घरी बसलेल्यानं तोंड बंद ठेवलं तर जन्मभर समजणार नाही. म्हणून मी बाया लोकाले एकच सांगते, विचारू नका.

माई तर गोठच वेगळी. माहेर अहिवाऱ्याचं, बाबा चुन्याच्या खदानीत होते. ते गेले, आई गेली, भाऊ रायपूरले गेला, अन् आता त्या घरात मोबाइल रिपेअरिंगचं दुकान आहे. लग्न होऊन मी भिलाईले स्टील प्लांटच्या सेक्टर दोनच्या क्वार्टरात आली ते आजपर्यंत तिथीच आहे. क्वार्टर आधी सासऱ्याच्या नावानं होतं, मग नवऱ्याच्या नावानं झालं. माया नावानं फक्त गॅसचं कनेक्शन आहे. तर माई घंटी वाजन कुठी अन् वाजन कावून, असं मी स्वतःले समजावून ठेवलं होतं.

आता सासऱ्याचं सांगते, कारण हे सगळं त्यांच्यापासूनच सुरू झालं. नरहरी त्यांचं नाव. प्लांटच्या रेल मिलमधून रिटायर होऊन त्यांले जमाना झाला. उंच, ताठ माणूस, शर्टाच्या खिशात कंगवा. आताशा विसराले लागले. जेवले ते विसरतात, माया नाव विसरतात, मले सूनबाई म्हणून वेळ मारून नेतात. पण संध्याकाळी चप्पल घालून फिराले जाणं कधी विसरले नाहीत. अन् यंदा पावसाळ्यात रस्ताही विसरले. एकदा मुर्गा चौकातून शेजारच्या पोरानं आणलं, एकदा पॉवर हाऊसच्या बाजारातून एका फळवाल्यानं रिक्षात बसवून पाठवलं.

माया नवरा धनंजय. माणूस वाईट नाही, पण घाबरला की त्याले कुलूपच सुचते. दुसऱ्याच दिवशी मोठं पितळी कुलूप घेऊन आला अन् फ्रिजवर ठेवलं. म्हणे, "उद्यापासून फाटक बंद. फिराचं असन तर आंगणात फिरा."

बाबानं केस विंचरले, चप्पल घातली, अन् चप्पल घालून पलंगावर बसून राहिले. मी भाजी घेऊन आत आली तर तसेच बसलेले, भिंतीकडे पाहून. मले राहवलं नाही.

"अहो, दिवाळीपर्यंत थांबा," मी धनंजयले म्हटलं. "मी कंपनीतून घंटी आणते. बाबा घराकडे वळले की वाजन. तुमच्या आईच्या जिवाले घोर नाही, तुमच्याही नाही. अंधार पडला अन् नाही वाजली, तर पाहाले जाऊ."

"अन् ती वाजलीच नाही तर?"

"तर लावा तुमचं कुलूप."

झालं. आता बाबाचं फिरणं माया घंटीवर येऊन लटकलं.

क्वार्टरचा उंबरठा म्हणजे काय, सिमेंटची एक पट्टी. त्यावर आईनं, म्हणजे माया सासूनं, लावलेला गेरू अन् दर दिवाळीच्या रंगाचे थर. मी चमच्यानं खरवडलं अन् पुडीत बांधून नेलं. केवलरामनं पुडी उघडून बोटावर घेतलं अन् म्हणाला, "मॅडम, ये तो सरकारी माल है." मी म्हटलं, तू ओत गुमान. त्यानं ओतली. घंटी सुंदर झाली, आवाज एकदम मोकळा. गणपती बसले त्या दिवशी मी ती दारावर टांगली.

माई सासू प्रेमला दिवसभर व्हरांड्यात बसते, घंटीच्या खालीच. नजर कमी झाली आहे, अंधार पडला की तिले धड दिसत नाही, पण कान तिखट. मी संध्याकाळी रसमड्याहून स्कुटी हाणत याची, हेल्मेट काढाची अन् पहिलं तेच विचाराची.

"आई, वाजली का?"

"नाही वाजली," आई म्हणाची, अन् चहा कपात ओताची.

बाबा तर रोज परत याचे. कधी अंधार पडाच्या आधी, कधी नंतर, कधी समोरच्या क्वार्टरातल्या पोरीनं, भूमिकानं, हात धरून आणलेले. पण घंटी मुकीच. कोणाची वाजली नाही, कोणाची वाजली, हे मी आईले कधी खोदून विचारलं नाही. दुसऱ्या बायांले जे सांगते ते आपण पाळलं पाहिजे ना. चहा प्यायची अन् मनातल्या मनात केवलरामले शिव्या द्याची. चहा मात्र त्या दिवसांत मले फार चांगला मिळाला, कडक अन् गरम, तेवढं एक सुख.

मी दुसरी घंटी करवली. उंबरठा आणखी खोल खरवडला, पार खालची सिमेंट निघेपर्यंत. आईनं पाहिलं, काही म्हटलं नाही, नंतर त्या खड्ड्यावर गेरू लावून घेतला. पहिली काढून दुसरी टांगली. "वाजली का आई?" "नाही वाजली." धनंजय जेवता जेवता फ्रिजकडे पाहाचा. आई लगेच म्हणाची, "अरे, घंटीच बिघडली आहे. जया तिसरी आणून राहिली ना. होईन सगळं."

मले राग आला. मी तडक कमलिनीबाईच्या केबिनमध्ये गेली अन् म्हटलं, "मॅडम, जगाच्या घंट्या वाजतात अन् माया घरच्या दोन-दोन खराब निघतात. केवलराम भट्टीवर झोपते का?"

कमलिनीबाई मोठ्या शांत बाई आहेत. त्यांनी चष्मा काढला. "जया, तुया टेबलावर किती घंट्या खरंच खराब निघतात?"

"एखादीच," मी म्हटलं.

"घंटी पायानं वाजत नाही," त्या म्हणाल्या. "मनानं वाजते. सासऱ्याचे पाय येतात, सवयीनं. मन कुठी येते, ते त्यांले विचार. घर कुठी आहे म्हणून विचार."

रविवारी बाबा ओसरीत बसून शेंगा फोडत होते. मी जवळ बसली. म्हटलं, "बाबा, आपलं घर कुठी आहे जी?"

त्यांनी मायाकडे असं पाहिलं, जशी मीच विसराले लागली. "घर? घर गावी आहे. तुमसरच्या पलीकडे. तू आली होती ना लग्नात."

"अन् हे?"

"हे क्वार्टर आहे ना, सूनबाई."

अन् त्यांचं चुकलं कुठी? आमच्या सेक्टरात सगळे असंच बोलतात. जन्म इथला, नोकरी इथली, पण विचारा, घर कुठी, तर कोणी भंडारा सांगन, कोणी गोंदिया. लग्नाच्या पत्रिकेवर पत्ता गावचा. पोराचं जावळ गावी. आईनं आपले पितळेचे भांडे इतके वर्ष गावीच ठेवले, इथी सगळं स्टीलचं. क्वार्टर म्हणजे गाडी येईपर्यंत बसाचं बाकडं. अन् बाकड्यावर बसल्या बसल्या लोकांचे पोरं मोठे झाले, केस पिकले. मले त्या दिवशी असा राग आला ना, की विचारू नका. बाबाचा नाही, कोणाचा ते मलेही सांगता येत नाही. म्हणजे घंटी आपली चांगली आहे, अन् आमच्याच घरात कोणी घरी येत नाही.

गावच्या घरी बाबाचे धाकटे भाऊ धोंडबा अन् रंभाकाकू राहतात. तिथी जुना सागवानी उंबरठा आहे. मागच्या तान्ह्या पोळ्याले गेली होती तेव्हा त्याचाच कीस नेऊन मी त्यांले घंटी करून दिली होती. ती मस्त वाजते. काकाजी वावरातून निघाले की काकू भाकर थापाले बसते.

मी धनंजयले काही सांगितलं नाही. घंटी खराब आहे म्हटलं तर दिवाळीपर्यंत वेळ होता. घंटी चांगली आहे अन् बाबाचीच वाजत नाही म्हटलं असतं, तर त्यानं त्याच मिनिटाले फाटक बंद केलं असतं. तिसरी घंटी ओतून राहिले म्हणून मी खोटंच सांगितलं अन् दिवस ढकलत राहिली.

भुलाबाईचे दिवस होते. त्या संध्याकाळी मी आली तेव्हा समोरच्या क्वार्टरात पोरी गाणे म्हणत होत्या. आई व्हरांड्यात होती, चहा तयार होता, पण कपात ओतला नव्हता.

"हे आले नाही अजून," आई म्हणाली. "आज लवकर गेले. थैली घेऊन गेले."

फिराले जाणारा माणूस थैली कशाले नेते? धनंजय प्लांटमधून आलाच होता, तसाच स्कूटर वळवून बाजाराकडे गेला. भूमिकाचे बाबा मुर्गा चौकाकडे गेले. मी फाटकात उभी, काय करू ते सुचेना. अन् फोन वाजला. रंभाकाकू.

"जया, कोण येऊन राहिलं वो तुमच्याकडून?"

"कोणीच नाही काकू. कावून?"

"अवं, घंटी वाजली ना. मघाशीच वाजली. आमी दोघं तर घरीच आहो. आमच्या दोघांचं वाजणं मले माहीत आहे, हे वेगळंच होतं, जाडं. मी यांले म्हटलं, भाऊजीच असन."

मी स्कुटी काढली अन् धनंजयले फोन लावला. म्हटलं, बाजार सोडा, पॉवर हाऊस स्टेशनवर या, बाबा गावी निघाले.

ते तिथीच होते. प्लॅटफॉर्मवरच्या बाकड्यावर ताठ बसलेले, केस विंचरलेले, मांडीवर थैली. थैलीत केळी होती. कुठं रस्ता चुकले नव्हते, कोणाले काही विचारत फिरत नव्हते. हातात तिकीटसुद्धा होतं. इतक्या महिन्यांत मी त्यांले इतकं नीट बसलेलं पाहिलं नव्हतं.

धनंजय धावतच आला. घामानं भिजला होता. "बाबा, उठा. उठा म्हणतो ना."

"गाडी लेट आहे," बाबा शांतपणे म्हणाले. "बस तू पण. मायसाठी केळी घेतली. ती वाट पाहत असन."

बाबाची माय धनंजयच्या जन्माआधीच गेली. मी त्याले म्हटलं, "अहो, जा, चहा आणा." तो गेला, कारण त्याले रडू आलं होतं अन् ते बापापुढं दाखवाचं नव्हतं. अन् मले माहीत होतं, आता बाबाले हात धरून ओढत नेलं तर उद्या सकाळी ते कुलूप फाटकावर असन. मग हा माणूस रोज चप्पल घालून पलंगावर बसन.

मी त्यांच्या बाजूले बसली. "बाबा, मी पण येऊ का घरी?"

"चाल ना. काकूले आवडन." मग म्हणाले, "प्रेमलाले सांगितलं का तू?"

"नाही जी. तुमी सांगितलं का?"

ते आठवाले लागले. कंगवा काढला, परत ठेवला. तितक्यात गोंदियाकडची लोकल आली. लोक चढाले लागले, टोपल्या, पोतं, कॉलेजच्या पोरी. बाबा उठले, थैली उचलली. मीही उठली. खरं सांगते, त्या वेळी मी ठरवून टाकलं होतं की ते चढले तर मीही चढन, कपड्यानिशी, मग धनंजय काही म्हणो. पलीकडून तो दोन्ही हातात चहाचे कप घेऊन येताना दिसला अन् जागीच थांबला.

बाबा डब्याच्या दारापाशी उभे होते. दांडीले हात लावला होता.

"प्रेमला कुठी आहे?" त्यांनी मले विचारलं.

"व्हरांड्यात बसली आहे जी. तुमचीच वाट पाहून राहिली."

"दिवा लावला का कोणी?"

"आमी तर सगळे इथी आहो."

"मग ती अंधारात बसली असन," बाबा म्हणाले. "तिले अंधारात दिसत नाही ना." त्यांनी दांडी सोडली. "चाल, चाल. घरी चाल. गाडी काय, उद्याही आहे."

अन् ते पुलाकडे चालाले लागले, लोकलकडे वळूनही न पाहता. तिकीट त्यांनी कंगव्याच्या मागे खिशात ठेवलं. मी त्यांच्या मागं चालली. त्यांच्या तोंडून घर हा शब्द मी ऐकला होता, पण धनंजयले काही म्हटलं नाही. म्हटलं, आपण ऐकलं ते ऐकलं. बाबा धनंजयच्या स्कूटरवर बसले, मी स्कुटीवर.

क्वार्टरात पोचलो तर लाइट लागलेला होता. भूमिकानं येऊन लावला असन. आई पायरीवर उभी होती, एक हात चौकटीले धरून. चार कप मांडलेले, अन् चहातून वाफ निघत होती.

"आले?" आईनं विचारलं.

"हाव," बाबा म्हणाले अन् केळीची थैली तिच्या हातात दिली. ती केळी कोणासाठी घेतली होती ते मी आईले कधीच सांगितलं नाही, सांगणारही नाही.

बाबा हातपाय धुवाले आत गेले. आई मायाकडे वळली. "जया, वाजली."

अन् मी, जी जगाच्या बायांले सांगते विचारू नका, मीच विचारून बसली. "कोणाची?"

"यांची. पहिल्यांदाच. जाडं वाजणं आहे त्यांचं, मी तर दचकलीच. अन् त्याच्या मागोमाग तुयी वाजली."

"माई?"

"तुयी तर पहिल्या दिवसापासून वाजते." आई कपात साखर टाकत होती, चमच्यानं हलवत होती, जसं काही भाजीचा भाव सांगून राहिली. "तू रसमड्याहून निघाली की वाजते. मंग मी भाजी चिराले घेते. भाजी झाली की आधण ठेवते, तेवढ्यात तू येते. तुले काय वाटलं, चहा मी अंदाजानं ठेवते का?"

"मग तुमी मले रोज नाही वाजली म्हणून कावून सांगितलं?"

"तुयी वाजते म्हटलं असतं तर घंटी चांगली ठरली असती. अन् घंटी चांगली अन् यांचीच वाजत नाही, असं ठरलं असतं तर यांचं फाटक बंद झालं असतं. म्हणून मी घंटीलेच खोटं पाडलं." तिनं चमचा बशीत ठेवला. "तुले काय वाटत असन ते मले समजत होतं वो. तुयं तोंड पाहवत नव्हतं. पण यांले कोंडलेलं मले पाहवलं नसतं."

मी तिथीच पायरीवर बसली अन् रडली. बारा गावच्या बायांच्या तक्रारी ऐकून कोरडी राहणारी मी, हेल्मेट मांडीवर घेऊन पोरीसारखी रडली. आईनं माया डोक्यावर हात ठेवला अन् तसाच राहू दिला. समोर पोरींचं गाणं संपलं होतं, आता त्या खिरापत ओळखून राहिल्या होत्या अन् कोणालेच ओळखता येत नव्हती.

धनंजय दारात उभा राहून सगळं ऐकत होता. थोड्या वेळानं म्हणाला, "अन् माई? माई वाजते का आई?"

"तुयी वाजते," आई म्हणाली. "पण तू मधात पानठेल्यावर थांबते. तुया चहा थंडा होते तो त्याच्यानं. मले बोलत नको जाऊ."

त्या रात्री फ्रिजवरचं कुलूप आईनंच उचललं अन् पाण्याच्या मोटारीच्या पेटीले लावलं. फाटकाले अजूनही नुसती कडी आहे.

बाबा आता पूर्ण बरे झाले असं काही नाही. विसरतात, मले अजून सूनबाईच म्हणतात. पण रोज फिराले जातात, अन् दोन घंट्यांच्या मधात फिरतात. एखाद्या दिवशी गावची वाजते, मग रंभाकाकूचा फोन येते अन् धनंजय पॉवर हाऊसले जाते. जाताना आता घाबरत नाही, दोन चहा सांगते अन् बाबाजवळ बसते. बाकी दिवशी आमचीच वाजते. आई म्हणते, दिवेलागणीले वाजते, नेमकी. तिले अंधारात दिसत नाही ना, म्हणून.

तक्रारीच्या टेबलावर मी अजूनही लोकाले विचारू नका असंच सांगते, त्याच्यापुढचं सांगाले कंपनीची मनाई आहे. फक्त परवा एक सून आली होती, कुरुदची, माईच वाजत नाही म्हणून डोळे भरलेली. मी तिची घंटी पुसता पुसता विचारलं, "घरी गेल्यावर चहा गरम मिळते का वो तुले?" तिनं मायाकडे पाहिलं, मले वेडं समजली असन. मग विचार कराले लागली.

संध्याकाळी सुटी झाली की मी हेल्मेट घालते, कुत्र्याले बाजूले करते अन् कंपनीच्या फाटकातून स्कुटी बाहेर काढते. पहिले या वेळी मी फक्त रस्त्याचे गड्ढे पाहाची. आता गाडी सुरू करण्याआधी थोडं थांबते. तिकडं वाजली असन. आईनं भाजी चिराले घेतली असन.